तिसरे सदस्य

१

दिल्लीत, मुनिरक्याच्या एका गल्लीत, तिसऱ्या मजल्यावर, ‘शिखर मुलाखत मार्गदर्शन’ अशी पाटी आहे. पाटीखाली बारीक अक्षरांत लिहिलंय, ‘तीन तज्ज्ञांचं मंडळ’. तज्ज्ञ म्हणजे कोण, तर पहिले श्यामकांतसर. वय चौपन्न. स्वतः या मोठ्या सरकारी परीक्षेच्या मुलाखतीला दोनदा गेले, दोनदा आपटले, आणि तेव्हापासून गेली पंचवीस वर्षं मुलाखतीत पास कसं व्हायचं ते शिकवतात. दिल्लीत याला कोणी हसत नाही. उलट जिन्यापर्यंत रांग लावतात.

दुसरे तज्ज्ञ गुलाबराव. कुठल्याशा मंत्रालयातून निवृत्त झालेले, कानांनी अधू, चहाचे भोक्ते. प्रत्येक उमेदवाराला ते एकच प्रश्न विचारतात, “तुमच्या जिल्ह्यात मुख्य पीक कोणतं?” आणि उत्तर सुरू व्हायच्या आत बिस्किटाकडे वळतात.

तिसरे तज्ज्ञ नव्हतेच. नुसती खुर्ची होती. पाटीवर तीन लिहिलंय म्हणून ठेवलेली. तिच्या पाठीवर एक निळा कोट टांगलेला असायचा. महाराष्ट्रातल्या लहान गावांतून आलेल्या पोरांकडे कोट कुठला? मग मॉक द्यायला, म्हणजे मुलाखतीची रंगीत तालीम करायला, जो येईल त्याने तो कोट चढवायचा, वीस मिनिटं साहेब व्हायचं आणि उतरवून परत खुर्चीवर टांगायचा. डाव्या कोपरावर रफू होता. पन्नास जणांच्या घामाचा वास होता. सर म्हणायचे, “हा शिस्तीचा वास आहे.”

सरांना पोरांची मनापासून कीव यायची. कीव कसली, चीडच. ततपप करणारी, घाबरली की पँटला हात पुसणारी, सकाळपासून उपाशी येऊन टेबलाशी घेरी येणारी ही पोरं. वर हल्ली नवीन फॅड. “सर, मला अँग्झायटी होते.” “सर, डिप्रेशनसारखं वाटतं.” सर चष्म्यावरून बघायचे आणि म्हणायचे, “वाटतं ना? मग मुद्द्यांत सांगा. तीन मुद्दे, समतोल, शेवट आशादायी. चेहऱ्यावर मंद स्मित.” पोरगं रडायचं थांबायचं आणि मुद्दे शोधायला लागायचं. सरांच्या लेखी हाच उपचार.

आणि नजर. नजरेवर सरांचा फार भर. “प्रश्न विचारणाऱ्याकडे बघून सुरुवात, मग एकेका सदस्याकडे, शेवट परत अध्यक्षांकडे. टेबलफॅनसारखी मान फिरली पाहिजे. अडखळायचं नाही.” पोरं भाड्याच्या खोलीत जाऊन बादली, गॅस आणि उशी यांच्याकडे बघत ही कवायत करायची. असल्या येडपटपणाला आपल्याकडे व्यक्तिमत्त्व विकास म्हणतात.

२

फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यात धम्मदीप मॉकला आला. कुटुंब मूळचं अमरावतीकडचं. वडील दिल्लीत केंद्र सरकारच्या कचेरीत, राहायला गाझियाबाद. शांत, नेटका मुलगा. कोट चढवला, बसला, उत्तर द्यायला लागला. नजर सरांकडे, मग गुलाबरावांकडे, मग आणखी थोडी पुढे, तिसऱ्या खुर्चीकडे. तिथे पुरते दोन क्षण थांबली आणि परत सरांकडे आली.

“तिथे कोण बसलंय?” सर खेकसले. “तुमचे काका?”

“सॉरी सर.”

पुढच्या उत्तराला परत तेच.

दुसऱ्या दिवशी परभणीची वैभवी आली. चौथा प्रयत्न, डोळ्यांखाली काळं, आवाज मात्र पाठ केलेला आणि खणखणीत. तिचीही नजर सर, गुलाबराव आणि रिकामी खुर्ची अशीच फिरली. सरांच्या कपाळाला आठ्या पडल्या. आठवडाभरात सात जणांनी हेच केलं. सातही जण वेगवेगळ्या ठिकाणी राहणारे, एकमेकांना न ओळखणारे. आणि नजर अशी उगाच भरकटल्यासारखी नाही. नेमकी बसलेल्या माणसाच्या चेहऱ्याच्या उंचीवर.

सर भुताखेतांवर विश्वास ठेवणाऱ्यांतले नव्हते. ते कशावरच विश्वास ठेवणाऱ्यांतले नव्हते म्हणा. त्यांनी विचार केला आणि त्यांना लगेच कारण सापडलं. ते स्वतःवरच खूश होऊन हसले. “व्हिडिओ! मेंढरं लेकाची. व्हिडिओ बघून नक्कल करतात.”

३

तो व्हिडिओ उन्मेषचा. उन्मेष वाशीम जिल्ह्यातला, तीन वर्षांपूर्वीच्या बॅचचा. हुशार, पण सरांच्या भाषेत ‘गळका’. शेवटच्या मॉकला सरांनी सुरुवातीचा सोपा प्रश्न टाकला होता, “कसे आहात?” या प्रश्नाला सगळे “उत्तम, सर” म्हणतात. उन्मेष म्हणाला, “सर, मला बरं वाटत नाहीये. बरेच दिवस.”

“हे उत्तर आहे की रडगाणं?” सर म्हणाले. “परत.”

त्याच्याकडून सरांनी ते अकरा वेळा म्हणवून घेतलं. प्रत्येक वेळी थोडं छाटत, थोडं घासत. अकराव्या वेळी उन्मेष ताठ बसून, मंद स्मित करून बोलला, “मानसिक ताणाचे तीन पैलू आहेत, सर. वैयक्तिक, सामाजिक आणि व्यवस्थात्मक. प्रत्येकात मी संधी पाहतो.” सर टेबलावर थाप मारून म्हणाले, “झालं! याला म्हणतात उत्तर.” तेवढं अकरावं चित्रण त्यांनी ठेवलं आणि तेव्हापासून प्रत्येक बॅचला आदर्श उत्तर म्हणून दाखवत आले.

उन्मेष त्या दिवशी कोट उतरवून खुर्चीवर टांगून गेला. खऱ्या मुलाखतीला तो आलाच नाही. खोलीवर गेला नाही, गावीही गेला नाही. वडिलांचा फोन आला तेव्हा सर म्हणाले होते, “तुमचा मुलगा मनाने कच्चा होता, त्याला मी काय करू?” आणि हात झटकले होते. व्हिडिओ मात्र चालू राहिला.

आता सरांनी तो एकट्याने बसून परत पाहिला. बरोबर होतं. उन्मेषची नजरही सर, गुलाबराव आणि तिसरी खुर्ची अशीच फिरत होती. म्हणजे खोड तिथूनच लागली. सर लॅपटॉप मिटणार, तेवढ्यात चित्रणाचा शेवट आला. हा शेवट ते कधी बघतच नसत. उत्तर संपतं, सरांची “याला म्हणतात उत्तर” ही आरोळी येते. उन्मेष सरांकडे बघतच नाही. तो तिसऱ्या खुर्चीकडे बघतो, कोणाचं तरी ऐकावं तसा थांबतो, आणि हळूच म्हणतो, “नाही. कोणालाच नाही.” पुन्हा थांबतो. मग त्याचा चेहरा सैल पडतो आणि तो म्हणतो, “हो. चालेल.”

सरांनी ते चारदा मागे नेऊन पाहिलं. खुर्ची चित्रणात येत नव्हती. त्या दिवशी तिच्यावर कोणी होतं का? त्यांनी गुलाबरावांना फोन लावला.

“खुर्चीवर? कोणी नाही. कधीच नव्हतं. का हो?”

“काही नाही,” सर म्हणाले. “पोरं वेडी असतात.”

४

वैभवीची दुसरी मॉक गुरुवारी होती. दुपारचे बारा. खाली भाजीवाला ओरडत होता, शेजारच्या खोलीत कोणाच्या तरी कुकरच्या शिट्ट्या होत होत्या. सर अर्थव्यवस्थेवर प्रश्न विचारत होते आणि वैभवी धडाधड मुद्दे मांडत होती. पहिला मुद्दा सरांकडे बघून. दुसरा गुलाबरावांकडे बघून. तिसऱ्यासाठी मान तिकडे वळली आणि तिथेच राहिली.

“नाही,” वैभवी म्हणाली. तिचा खणखणीत आवाज एकदम खाली आला. “झोप नाही लागत. चार महिने झाले.”

सरांनी पेन खाली ठेवलं.

“हो. डोक्यात सतत कोणीतरी तास मोजत असतं... नाही, घरी नाही सांगितलं. घरी लग्नाचं बघतील लगेच.” ती थांबली, ऐकत राहिली. कुकरची शिट्टी झाली. “नाही, मैत्रिणींनाही नाही. त्या स्पर्धक आहेत ना.”

“वैभवी!” सर ओरडले. “काय तमाशा चाललाय?”

तिने सरांकडे पाहिलं. घाबरून नाही. दुकानात मधेच घुसलेल्या गिऱ्हाइकाकडे बघावं तसं. मग खुर्चीकडे वळून म्हणाली, “हो, येते,” आणि उठून निघून गेली. जिन्यात तिच्या चपलांचा आवाज हळूहळू खाली गेला. गुलाबराव म्हणाले, “चुणचुणीत आहे हो मुलगी.”

शनिवारी तिच्या खोलीतल्या मुलीने फोन केला. वैभवी गुरुवारपासून आलेली नव्हती. मोबाईल, मुलाखतीचं पत्र, पाकीट, सगळं गादीवर. खालच्या चहावाल्याने तिला मेट्रोकडे जाताना पाहिलं होतं. हसत होती म्हणाला, आणि शेजारी कोणीतरी असावं तशी रस्त्याच्या कडेकडेने चालत होती.

“पळाली असेल,” सर म्हणाले. “चौथ्यांदा आपटायची भीती. दुसरं काय?” पण त्या रात्री त्यांना जेवण गेलं नाही.

५

रविवारी त्यांनी धम्मदीपला बोलावून घेतलं. समोर उभा केला, बस म्हणाले नाहीत.

“खरं सांग. त्या खुर्चीकडे बघून तुम्ही लोक काय नाटक करता? कोणी शिकवलं?”

धम्मदीप साधेपणाने म्हणाला, “सर, मला वाटलं ते मंडळात आहेत. पाटीवर तीन लिहिलंय ना.”

“कोण ते?”

“तिसरे सदस्य.”

“काय विचारतात हे सदस्य?” सरांनी ओठ वाकडा केला. “पीकपाणी?”

“नाही सर. बरा आहेस का, एवढंच विचारतात. मग ऐकून घेतात. मधे बोलत नाहीत. आणि मग विचारतात, घरी कोणाला सांगितलंस का?”

“तू काय सांगितलंस?”

“मी म्हटलं, बरा नाहीये. पण पप्पांना माहितीये. मी रात्री त्यांच्याजवळ बसून रडलो होतो. ते म्हणाले, परीक्षा गेली खड्ड्यात, आधी तू झोप.” धम्मदीप किंचित हसला. “त्यावर त्यांनी मान हलवली आणि परत मला काही विचारलं नाही.”

सरांना हसू यायला हवं होतं. केंद्र सरकारच्या नोकरीतला बाप पोराला परीक्षा खड्ड्यात घाल म्हणतो! एरवी त्यांनी यावर अर्धा तास टवाळी केली असती. आज त्यांनी फक्त पुढचा प्रश्न विचारला.

“दिसतात कसे?”

“चेहरा नीट लक्षात राहत नाही, सर. पण कोट हाच.” त्याने खुर्चीवर टांगलेल्या निळ्या कोटाकडे बोट केलं. “डाव्या कोपरावर रफू. मला आश्चर्य वाटलं, कारण कोट तेव्हा माझ्या अंगात होता.”

सर म्हणाले, “तू डोकं तपासून घे.” पोरगा खाली मान घालून गेला. सर खोलीत एकटे राहिले. खुर्चीकडे पाठ करायची त्यांना हिंमत होईना, आणि याचाच त्यांना भयंकर राग आला.

६

एवढा राग यायचं कारण होतं. सरांची एकुलती एक मुलगी क्षिप्रा. वय चोवीस. यंदा ती पहिल्यांदाच मुलाखतीपर्यंत पोचली होती आणि तिची मुलाखत पुढच्या सोमवारी होती. सर दोनदा आपटले ते सगळं तिच्या एका पासात धुऊन निघणार होतं. ती पाच वर्षांची असल्यापासून त्यांनी तिला घडवली होती. पाहुण्यांसमोर राजधान्या म्हणायला लावल्या, पडली तर “का पडलीस, कारणं सांग” म्हणून विचारलं. पोरगी कधी रडत नसे. सर चारचौघांत अभिमानाने सांगायचे, “आमच्या क्षिप्राला मूड वगैरे भानगड नाही.”

शुक्रवारी संध्याकाळी गाझियाबादच्या आपल्या फ्लॅटमध्ये जेवताना त्यांनी मुलीकडे नीट पाहिलं. बऱ्याच दिवसांनी पाहिलं म्हणा ना. मनगटं काडीसारखी झाली होती. ताटात भात तसाच.

इंदुमतीबाई, म्हणजे सरांच्या पत्नी, स्वयंपाकघराच्या दारातून हलक्या आवाजात म्हणाल्या, “अहो, तिला एकदा विचारा ना, बरी आहे का. मला काही सांगत नाही. आठवडाभर अन्न पोटात ठरत नाहीये तिच्या.”

सरांच्या मनात धम्मदीपचा बाप आला. त्यांनी घसा खाकरला.

“क्षिप्रा. काही ताण वगैरे?”

क्षिप्राने पाठ ताठ केली. ओठांवर मंद स्मित आलं. “बाबा, ताणाकडे मी तीन दृष्टींनी पाहते. तो प्रेरणा देतो, प्राधान्य ठरवायला शिकवतो, आणि अपयशाची तयारीही करून घेतो. एकंदरीत मी आशावादी आहे.”

“उत्तम!” सरांचा जीव भांड्यात पडला. “शेवट जरा लांबला. बाकी उत्तम.”

इंदुमतीबाईंनी नवऱ्याकडे पाहिलं. त्या नजरेत जे होतं त्याला तिरस्कार म्हणतात, पण सरांना तो ओळखायची सवय नव्हती. त्यांना वाटलं, बायको दमली असेल. क्षिप्राने ताट उचललं, भात कचऱ्यात टाकला आणि नळाखाली हात धरून ती खूप वेळ उभी राहिली.

उद्याची शेवटची मॉक रद्द करावी, असं सरांच्या मनात एकदा आलं. पण कशासाठी? रिकाम्या खुर्चीला घाबरून? मंडळाचा अध्यक्ष असा पळ काढतो होय! त्यांनी मधला मार्ग काढला. आयुष्यभर दुसरं केलंय काय त्यांनी.

७

शनिवारी सकाळी सरांनी स्वतः ती तिसरी खुर्ची उचलून गच्चीवर नेऊन ठेवली. कोट कपाटात कोंबून कुलूप लावलं, किल्ली खिशात टाकली. टेबलामागे आता दोनच खुर्च्या. उमेदवाराच्या उजवीकडे नुसती फरशी आणि भिंत. सरांनी त्या जागेवर दोनदा पाय आपटून पाहिला.

अकरा वाजता दारावर टकटक झाली. “आत येऊ का, सर?” फिकट निळी साडी, केस बांधलेले, हातात फाईल. मॉकमध्ये मुलगी असो की कोणी, सर ‘तुम्ही’च म्हणत.

“या. बसा. तुमच्या शहराचं नाव बदलावं अशी मागणी होते. तुमचं मत?”

क्षिप्रा छान बोलली. पहिला मुद्दा सरांकडे बघून. दुसरा गुलाबरावांकडे बघून. सर श्वास रोखून बसले. तिची मान आणखी उजवीकडे वळली. आणि मग नजर वर गेली. बसलेल्या माणसाच्या उंचीवर नाही. उभ्या माणसाच्या.

खुर्ची काढून घेतली होती ना. तो उभा होता.

“नाही,” क्षिप्रा म्हणाली. “आज नाही, खूप दिवसांपासून. रात्रभर डोळे उघडे असतात.” तिचा मुद्दे मांडायचा आवाज गेला आणि कधीच न ऐकलेला एक बारीक, थकलेला आवाज आला. “खाल्लेलं गळ्याखाली उतरतच नाही.”

“क्षि... उमेदवार, इकडे बघा,” सर म्हणाले. गुलाबराव बिस्किट बुडवत होते.

“हो, सांगितलं होतं ना. नववीत. शाळेत जाताना पोटात गोळा यायचा, रोज. बाबांना सांगितलं. ते म्हणाले, कारणं लिहून आण. मी लिहून नेली. ते वाचून म्हणाले, दुसरा आणि तिसरा मुद्दा एकच आहे.” ती ऐकत राहिली. “नाही. त्यानंतर कोणालाच नाही. आईला समजतं. पण आईला फक्त समजतं.”

तिची नजर हळूहळू सरकायला लागली. चालणाऱ्या माणसामागे सरकावी तशी. गुलाबरावांच्या डोक्यावरून, मग डावीकडे, आणि सरांच्या मागे येऊन थांबली. थोडी वर. सरांच्या डाव्या खांद्यावर काहीतरी जड झालं. मान आखडलीय, त्यांनी स्वतःला सांगितलं. रात्री उशी चुकीची होती.

आता बोलायला हवं होतं. त्यांना सगळं कळत होतं, अगदी स्वच्छ. तिने तिकडे ‘हो’ म्हणायच्या आत आपण टेबल ओलांडून जायचं, तिचं डोकं छातीशी धरायचं आणि म्हणायचं, बाळा, परीक्षा गेली खड्ड्यात. नुसतं एवढंच. त्यांचा जीव तिच्यासाठी तुटत होता, आयुष्यात पहिल्यांदा तुटत होता. त्यांनी तोंड उघडलं. पंचवीस वर्षांत उमेदवाराच्या उत्तरानंतर त्या तोंडातून जे बाहेर पडत आलं होतं, तेच बाहेर पडलं.

“धन्यवाद. तुम्ही जाऊ शकता.”

क्षिप्रा उठली. “थँक यू, सर,” सरांकडे बघून. “थँक यू, सर,” गुलाबरावांकडे बघून. मग सरांच्या खांद्यामागे बघून ती हसली. मंद स्मित नव्हे. पाच वर्षांची असताना, राजधान्या पाठ करायच्या आधी, हसायची तशी.

“हो. चालेल,” ती म्हणाली, आणि दार हळू लावून गेली.

सर जागचे हलेपर्यंत जिना रिकामा झाला होता. खाली गल्लीत कोणीच नव्हतं. मेट्रोच्या फाटकापर्यंत ते चप्पल न घालता धावले. “क्षिप्रा! ए क्षिप्रा!” लोक बघत होते. तिचा फोन वर टेबलावर, फाईलमध्येच राहिला होता आणि वाजत होता. आईचा फोन होता.

परत आल्यावर त्यांनी चित्रण लावलं. कॅमेरा मंडळाच्या पाठीमागे, उमेदवाराकडे तोंड करून असायचा. समोर क्षिप्रा, अलीकडे सरांचं टक्कल आणि खांदे. शेवटच्या मिनिटाला त्यांच्या डाव्या खांद्यावर एक बाही होती. निळी. कोपरावर रफू. पंजा खांद्यावर ठेवलेला, मायेने ठेवतात तसा. त्यापुढे बघायच्या आत त्यांनी लॅपटॉप आपटून बंद केला. कपाटाचं कुलूप तसंच होतं. त्यांनी उघडून पाहिलं नाही.

८

संध्याकाळी सहा वाजता सर आणि इंदुमतीबाई पोलीस चौकीत हवालदारासमोर बसले होते. ट्यूबलाइट, टेबल, रजिस्टर. भिंतीशी एक रिकामी खुर्ची. हवालदार वयस्क होता, दोन मुलींचा बाप असल्याचं त्याने आधीच सांगून टाकलं होतं. त्याने नाव, वय, कपडे लिहून घेतले. मग पेन थांबवून विचारलं, “बच्ची ठीक थी? मतलब मन से. कुछ बताती थी घर में? आपने कभी पूछा?”

इंदुमतीबाई दुपारपासून एक शब्दही बोललेल्या नव्हत्या. त्यांनी फक्त नवऱ्याकडे पाहिलं.

सरांची पाठ ताठ झाली. ती त्यांनी केली नव्हती, आपोआप झाली. डाव्या खांद्यावरचं ओझं सकाळपासून उतरलेलं नव्हतं. “देखिए,” ते म्हणाले, आणि स्वतःच्याच आवाजाची त्यांना किळस आली, “इसके तीन पहलू हैं.”

हवालदाराने वर पाहिलं. तो सरांकडे बघत नव्हता. त्यांच्या खांद्यामागे, थोडं वर बघत होता. त्याने उठून भिंतीशी असलेली रिकामी खुर्ची ओढली, सरांच्या आणि इंदुमतीबाईंच्या मधोमध ठेवली.

“आप भी बैठ जाइए, भाई साहब,” तो म्हणाला. “कब से खड़े हैं.”

सरांचा खांदा हलका झाला. खुर्ची करकरली. सरांनी मान वळवली नाही. ते समोरच्या रजिस्टरकडे बघत राहिले, पण डोळ्यांच्या कोपऱ्यातून त्यांना निळं दिसत होतं, आणि त्यापलीकडे इंदुमतीबाईंचा चेहरा. त्या खुर्चीकडे वळल्या होत्या. ऐकत होत्या.

“नाही हो,” इंदुमतीबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज शांत होता. “बरी नाही मी. बरीच वर्षं झाली.”

हवालदाराने पेन उचललं. “जी, बताइए,” तो सरांना म्हणाला. श्यामकांतसरांनी घसा खाकरला आणि पहिल्या मुद्द्यापासून सुरुवात केली.